चढती रेघ

करंजखिंडीत फोटोखाली काय लिहायचं याचा एक पक्का रिवाज होता. फोटोत जे दिसतंय ते सोडून बाकी सगळं लिहायचं. तलावाचा फोटो असला, तर तलाव कुठला, कधीचा, भरलेला की नुसता गाळ काढलेला, याबद्दल चकार शब्द काढायचा नाही; काठावर उभ्या असलेल्या माणसांची नावं मात्र पदांसकट, डावीकडून उजवीकडे द्यायची, आणि जागा संपली की ‘आदी मान्यवर’. वृक्षारोपणाच्या फोटोखाली रोपाला हात लावणाऱ्या सगळ्यांची नावं असत, रोप कशाचं ते कुणालाच माहीत नसे. बहुतेक रोपं पुढच्या पंधरवड्यात शेळ्या खाऊन टाकत, तेव्हा रोपाचं नाव नव्हतं तेही बरंच होतं म्हणा.

ज्ञानेश्वरी कराळेला या रिवाजाचा मनस्वी तिटकारा होता. ती गावच्याच हायस्कूलमध्ये भूगोल शिकवायची. माहेर श्रीरामपूरचं, सासर इथलं, आणि जीभ धारदार. नकाशाला दिशा नाही, आलेखाला एकक नाही, चित्राखाली धड एक ओळ नाही, असलं काही दिसलं की तिचं डोकं फिरायचं. पोरांच्या वह्यांवर ती लाल शाईनं लिहायची, ‘हे काय आहे? कुठलं आहे? कधीचं आहे?’ वर्तमानपत्रातल्या फोटोओळींवरही ती तीच शाई चालवायची आणि कात्रण स्टाफरूममध्ये फिरवून हसायची. हसण्यात तिचा हात कुणी धरला नसता. बाकीचे शिक्षकही तिच्याबरोबर हसत, कारण आपण उठून गेलो की ती आपल्यालाही हसणार, हे प्रत्येकाला ठाऊक होतं.

अशा बाईकडे सरपंच आदिनाथ भापकर एप्रिलच्या उन्हात स्वतः चालत आला.

झालं होतं असं, की पाण्याच्या कामाची कसली तरी स्पर्धा लागली होती आणि गावं बघायला समिती फिरणार होती. आपल्याकडे हिवरे बाजारला गाडी भरून जाऊन आलेल्या प्रत्येक सरपंचाला परतीच्या वाटेवर वाटायला लागतं, की आपलंही गाव अगदी तसंच झालंय. आदिनाथला तर ते जातानाच वाटायला लागलं होतं. कामापेक्षा त्याचा प्रदर्शनावर फार जीव. ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये भिंतभर फ्लेक्स लावायचे, दाराला फीत, फीत कापायला जिल्ह्यातले बडे साहेब, आणि मग समिती.

गंमत म्हणजे करंजखिंडीत खरोखरच काम झालेलं होतं. फक्त ते आदिनाथनं केलेलं नव्हतं. दहा वर्षांपूर्वी ज्ञानेश्वरीच्या सासूनं, गोजरबाईनं, बायका गोळा करून ग्रामसभेत बोअरबंदीचा ठराव करून घेतला होता. प्यायच्या पाण्याखेरीज गावच्या शिवारात नवा बोअर घ्यायचा नाही. तेव्हा बाप्ये मिशीत हसले. मग म्हातारीनं आधी स्वतःच्या मळ्यातल्या चालू बोअरची मोटर काढायला लावली, त्याचं तोंड सिमेंटनं बुजवलं, आणि मगच ती दुसऱ्यांच्या दारात गेली. त्या उन्हाळ्यात कराळ्यांची डाळिंबाची बाग वाळून गेली आणि नवरा तिच्याशी बोलायचा बंद झाला. तिनं तेही सोसलं. पुढं बायकांनी माळावर चर खणले, ओढ्याला बांध घातले, आणि गावविहिरीचं पाणी वर्षागणिक वर येत गेलं. ठराव दहा वर्षांचा होता. येत्या एक मेच्या ग्रामसभेत तो पुन्हा मंजूर करून घ्यायचा होता. गोजरबाई आता थकली होती. तिचं एवढंच म्हणणं होतं, “माझ्या डोळ्यांदेखत गावात बोरची गाडी येऊ ने.”

“म्याडम,” आदिनाथ म्हणाला, “फोटो समदे काडून ठिवलेत. त्यांच्याखाली तुमी झकास वळी लिवून द्या. मानूस वाचून रडला पायजे.”

“रडेल,” ज्ञानेश्वरी म्हणाली.

तिनं ओळी लिहिल्या, आणि त्या चांगल्या होत्या हे कबूल केलंच पाहिजे. आदिनाथच्या गठ्ठ्यात माळावरचा एक फोटो होता. पुढं स्वतः आदिनाथ, परीटघडीचा पांढरा शर्ट, हातात रिकामं घमेलं. मागं चरात उतरलेल्या बायका, मातीनं माखलेल्या. त्याखाली तिनं लिहिलं, ‘वरच्या माळावर पावसाचं पाणी अडवण्यासाठी चर खणताना गावातल्या बायका. डावीकडे कुदळ घेतलेल्या गोजरबाई कराळे.’ सरपंचांचा उल्लेख केला नाही, कारण सरपंच खणत नव्हते. बंधाऱ्याच्या फोटोखाली बंधारा कुठल्या ओढ्यावर आहे ते लिहिलं, आणि फोटो दिवाळीनंतरचा आहे हेही. वाचणाऱ्याला न विचारता सगळं कळावं, अशी प्रत्येक ओळ होती.

शेवटचा होता विहिरीचा आलेख. तो तिनं स्वतः काढला होता. दर एप्रिलला नववीची पोरं घेऊन ती गावविहिरीवर जायची आणि काठापासून पाणी किती फूट खोल आहे ते दोर सोडून मोजायची. हा खेळ तिच्या आधीच्या मास्तरांनी सुरू केलेला, तिनं तो सोडला नाही. तळाला वर्षं, बाजूला खालून वर चढत जाणारे फूट. ठराव झाला त्या वर्षी पाणी सत्तर फुटांवर होतं, यंदा तीस फुटांवर. त्यामुळं रेघ डावीकडे उंचावर सुरू व्हायची आणि उजवीकडे खाली यायची. त्याखाली तिची ओळ होती, ‘करंजखिंड गावविहीर: एप्रिलमध्ये पाणी काठापासून किती फूट खोल होतं. रेघ खाली येते, म्हणजे पाणी वर येतंय.’

दोन दिवसांनी आदिनाथ तिनं दिलेली त्या कागदाची झेरॉक्स हातात घेऊन स्टाफरूमच्या दारात उभा.

“म्याडम, ही रेघ खाली कामून चाल्लीय?”

“पाणी वर आलंय म्हणून.”

“मी बारावी झालेलो हाय. मला येड्यात काडू नका.”

ज्ञानेश्वरीनं सांगितलं, की आकडा खोलीचा आहे. खोली कमी झाली, म्हणजे पाणी काठाजवळ आलं. आणि हे सगळं खालच्या ओळीत लिहिलेलं आहे. हे तिनं असं सांगितलं, जसं ती नापासांच्या बाकाला सांगायची.

“वळ कोन वाचतं हो!” आदिनाथ वैतागला. “सायेब दारातनं बगनार. त्येंना काय दिसनार? उतरती रेघ! आमच्या पंचवार्षिकात उतरती रेघ? मंगल कार्यात आसलं कुनी लावतं का? ती जरा वर न्हाई का घेता येनार?”

घेता आली असती. अगदी सरळपणे घेता आली असती. शून्य तळाशी न ठेवता माथ्यावर ठेवायचं, माथा म्हणजे विहिरीचा काठ, आणि तिथून फूट खाली मोजत जायचे. मग पाणी विहिरीत जसं वर आलं तशीच रेघ कागदावर वर आली असती, एकही आकडा न बदलता. विहिरीचा आलेख तसा काढणं उलट जास्त शहाणपणाचं, आणि हे ज्ञानेश्वरीला पक्कं माहीत होतं. दहा मिनिटांचं काम होतं. पण मागं सगळी स्टाफरूम कान टवकारून बसली होती, आणि या माणसासाठी शून्य उचलून वर ठेवायचं तिच्या जिवावर आलं.

“रेघ वर घेता येत नाही, सरपंच,” ती म्हणाली. “तुम्ही वाचायला शिका, म्हणजे ती आपोआप वर दिसेल.”

स्टाफरूम खदखदली. आदिनाथनं कागदाची घडी केली, खिशात घातली, आणि राम राम न करता निघून गेला.

तो गेला तो शेवगावला, शाहबाजच्या फ्लेक्सच्या दुकानात. तिथं काय घडलं ते नंतर सगळ्या गावाला कळलं, कारण बरोबर गेलेल्या टेम्पोवाल्यानं ते रंगवून सांगितलं. आदिनाथ म्हणाला, रेघ वर कर. शाहबाजनं विचारलं, आकड्यांचं काय? आदिनाथ म्हणाला, “आकडे ऱ्हाऊ दे जागच्या जागी. नुसती रेघ फिरव.” शाहबाजच्या मागं लग्नाची, वाढदिवसाची आणि एक भावपूर्ण श्रद्धांजली अशी गिऱ्हाइकं खोळंबलेली. त्यानं रेघ आरशात दिसावी तशी उलटवली, आकडे होते तिथंच ठेवले आणि छापून मोकळा झाला. खालच्या ओळीचा प्रश्नच आला नाही, कारण तिथं गोल चौकटीत आदिनाथचा हात जोडलेला फोटो बसवायचा होता. फोटोच्या शेजारी लिहिलं, ‘करंजखिंडच्या प्रगतीचा चढता आलेख! शिल्पकार: मा. सरपंच आदिनाथ भापकर, आदी.’

म्हणजे आता आलेख काय सांगत होता? दहा वर्षांपूर्वी पाणी तीस फुटांवर होतं आणि बोअरबंदी करून, चर खणून, बांध घालून ते सत्तर फुटांवर गेलं. गावानं दहा वर्षं घाम गाळून स्वतःची विहीर आटवली, आणि त्याबद्दल गाव सरपंचांचे आभार मानत होतं.

ज्ञानेश्वरीला हे समितीच्या दिवशी सकाळी कळलं. हॉलमध्ये अजून सतरंज्या अंथरणं चाललं होतं. माळावरच्या फोटोखाली अपेक्षेप्रमाणे ‘श्रमदान करताना मा. सरपंच’ होतं आणि गोजरबाईचा कुदळीसकट अर्धा भाग कापला गेला होता. मग ती आलेखापाशी आली आणि थबकली. आधी तिला खरंच वाटेना. तिनं बोटानं आकडे तपासले. आणि मग तिला असं हसू फुटलं, की तोंडाला पदर लावावा लागला.

आदिनाथ दारात फितीची गाठ बघत होता. हाक मारली असती तर आला असता. फ्लेक्स खिळ्यांवरून काढून गुंडाळून ठेवायला कितीसा वेळ लागतो? पण ज्ञानेश्वरीच्या मनात लगेच दुसरं चित्र उभं राहिलं. समितीतला कुणीतरी शिकलेला माणूस इथं थांबेल, वाचेल, आणि मग त्या पांढऱ्या शर्टाकडे बघेल. बघू दे की. ओळ कोण वाचतं म्हणाला होता ना? आज बघू दे त्याला, कोण वाचतं ते. तिला इतकं बरं वाटलं, की कित्येक वर्षांत एवढं बरं वाटलं नव्हतं.

गोजरबाई काठी टेकत आत आली. भिंतीवरून नजर फिरवत ती आलेखापाशी पोहोचली. “ह्ये काय हाय गं, ग्यानू?”

“सरपंचांची अक्कल आहे, आत्याबाई. मोजून छापलीय.”

सून हसतेय म्हणून म्हातारीही हसली आणि पुढं गेली.

साहेब आले, फीत कापली, फोटो काढले, गेले. त्यांनी भिंतीकडे पाहिलंसुद्धा नाही. समितीची प्रमुख एक मध्यमवयीन बाई होती, पायात साध्या चपला, चेहऱ्यावर कसलाच भाव नाही. ती आलेखापाशी थांबली. खालून वर, डावीकडून उजवीकडे वाचलं. “हे पाणी फुटांत, काठापासून?” तिनं विचारलं. आदिनाथ छाती काढून म्हणाला, “व्हय म्याडम, समदं मोजून. चढताच हाय आमचा आलेख, धा वर्सं झाली.” बाईनं मान हलवली, मोबाईलनं फोटो घेतला आणि जीपकडे वळली. त्यांना पुढं आणखी गावं करायची होती. ज्ञानेश्वरी खिडकीशी उभी राहून हे सगळं बघत होती आणि मनातल्या मनात हसत होती.

करंजखिंड पहिल्याच फेरीत बाहेर पडलं. आदिनाथनं चावडीवर जाहीर केलं, की राजकारण झालं. ज्ञानेश्वरीनं स्टाफरूममध्ये ती गोष्ट इतक्या वेळा सांगितली, की शिपायालासुद्धा पाठ झाली. सांगताना ती आदिनाथची छाती काढायची ढब हुबेहूब करायची.

एक मे आला. झेंडावंदन झालं, जिलेबी वाटून झाली, आणि हॉलमध्येच ग्रामसभा बसली. भिंतीवरचे फ्लेक्स तसेच होते. फुकट गेले म्हणून काय झालं, सरपंचाचा फोटो होता ना त्यांच्यावर. ग्रामसेवकानं बोअरबंदीचा विषय वाचला. गोजरबाई पुढच्या रांगेत बसली होती, धुतलेलं लुगडं नेसून. तिला वाटत होतं, हात वर होतील आणि आपण घरी जाऊ.

हनुमंत डमाळे उभा राहिला. डोंगराच्या पायथ्याची सलग जमीन त्याची. लिंबोणीची नवी बाग लावायची होती त्याला, आणि बाग लावायची म्हणजे बोअर आलाच. गेली दहा वर्षं तो गप्प होता, कारण विहिरीतलं पाणी डोळ्यांना दिसत होतं आणि त्यापुढं त्याला बोलायला जागाच नव्हती. आता ती त्याला भिंतीवर मिळाली होती.

“माझा इरोद कुनालाच न्हाई,” तो गोड आवाजात म्हणाला. “मी फकस्त इचारतो. ह्यो बोर्ड बगा. तीस फुटांवरचं पानी सत्तरावर गेलं. मंग बंदी करून गावानं मिळवलं काय?”

हॉलमध्ये कुजबुज झाली. आदिनाथनं भिंतीकडे पाहिलं. आयुष्यात पहिल्यांदाच त्यानं तो आलेख वाचला असावा, कारण त्याचा चेहरा हळूहळू उतरत गेला.

ज्ञानेश्वरी ताडकन उठली. “तो आलेख उलटा छापलाय. खरं उलट आहे. सत्तरावरून तीसवर आलंय पाणी. माझ्याकडे मूळ कागद आहे. नाहीतर विहीर इथं देवळामागं तर आहे, चला, दोर सोडून बघू.”

“इहीर आमाला बी दिसती, म्याडम,” हनुमंत म्हणाला. “पन यंदा पाऊस चांगला झाला म्हनून भरली आसंल. धा वर्सांचं मोजमाप तर ह्ये हाय. सायबांनी फीत कापलेला बोर्ड हाय ह्यो, समितीनं फोटू काडून नेलाय. मंग सरपंचांनी समितीला खोटं दावलं म्हनायचं का? तसं सरपंचांनी म्हनावं, मी खाली बसतो.”

सगळी मुंडकी आदिनाथकडे वळली. इथं त्यानं एक वाक्य बोलायचं होतं. चूक झाली, एवढंच. पण चूक झाली म्हणायचं तर आकडे न वाचता रेघ फिरवली हेही म्हणायला लागलं असतं, आणि ते साहेबांच्या कानावर गेलं असतं, आणि पुढं जिल्हा परिषदेचं तिकीट होतं. आदिनाथ खाकरला. “बोर्डात चूक न्हाई,” तो म्हणाला. “समदं मोजून केल्यालं हाय.” बोलताना त्याची नजर जमिनीवर होती.

“सरपंच!” ज्ञानेश्वरी ओरडली. “खोटं बोलताय तुम्ही!”

“आन् तुमी वो?” हनुमंतनं आता आवाज चढवला. “बोर्ड उलटा हुता, तर समिती आली तवा तुमी हितंच खिडकीपाशी हुता की. साऱ्या शाळेला नकला करून दावल्या, त्ये आमाला बी कळलंय. मंग तवा तोंडात मिठाची गुळनी धरली हुती का?”

ज्ञानेश्वरी खाली बसली.

कुंपणावर बसलेले बरेच जण होते. त्यांनाही बोअर हवाच होता, फक्त आजवर गोजरबाईच्या तोंडावर ते म्हणवत नव्हतं. आता त्यांना म्हणायची गरजच उरली नाही. बोर्ड म्हणत होता. ठराव मताला टाकला. बायकांचे हात वर झाले, काही बाप्यांचे झाले, आणि ते पुरले नाहीत. विहिरीतलं पाणी रोज पिणाऱ्या माणसांनी, विहीर देवळामागं असताना, फ्लेक्सला मत दिलं. बंदी उठली. हनुमंतनं उभ्या उभ्याच फोन काढला आणि बोअरच्या गाडीवाल्याला भाव विचारला.

गोजरबाई उठली. कुणी तिच्याकडे बघेना. आदिनाथ ग्रामसेवकाच्या कागदात डोकं घालून बसला होता. ज्ञानेश्वरीनं तिचा हात धरला, तो तिनं सोडवून घेतला आणि काठी टेकत एकटीच पुढं चालू लागली. वाटेत त्यांचा मळा लागतो. बुजवलेल्या बोअरपाशी म्हातारी थांबेल असं सुनेला वाटलं, पण ती थांबली नाही, तिकडं पाहिलंही नाही.

घरी ओसरीवर टेकल्यावर तिनं पाणी मागितलं. ज्ञानेश्वरीनं तांब्या आणून दिला आणि एका दमात सुरू झाली. आदिनाथ कसा नालायक आहे, हनुमंत कसा लबाड आहे, या गावाला अक्षरशत्रू म्हणावं तर शाळा शिकलेत आणि शिकलेले म्हणावं तर एक रेघ वाचता येत नाही, ती उद्याच तहसीलला अर्ज करते, मूळ कागद जोडते, सगळ्यांना उघडं पाडते. बोलता बोलता तिचा आवाज पुन्हा स्टाफरूमसारखा व्हायला लागला होता.

गोजरबाईनं पाणी पिऊन तांब्या खाली ठेवला.

“आदिनाथाला फोटू पायजे हुता, ग्यानू,” ती म्हणाली. “हनुमंताला पानी पायजे हुतं. त्येंचं मला पैल्यापासनं ठावं हाय, त्येंचा राग न्हाई. तू त्यो बोर्ड वाचला हुतास. मी इचारलं तवा बी तुला म्हाईत हुतं. तुला काय पायजे हुतं गं?”

ज्ञानेश्वरीनं रिकामा तांब्या उचलला. उत्तर साधं होतं, एका ओळीत बसणारं. तिला आदिनाथचं हसं झालेलं बघायचं होतं, आणि ते तिला पोटभर मिळालं होतं. पण ती ओळ तिला या म्हातारीसमोर म्हणवेना. स्वतःची इतकी किळस तिला कधी आली नव्हती.

गोजरबाई तिच्या तोंडाकडे बघत बसून राहिली. सून शिकलेली होती, तिच्याजवळ काहीतरी चांगलं कारण असणारच, असं तिला अजून वाटत होतं.